एरिक क्रेस : एक अपरिचित छायालेखक



डेन्मार्क म्हटले म्हणजे आमच्यापुढे अँडरसनच्या परीकथा उभ्या राहतात; रसिकांना फार तर ड्रेयरचे संथ चित्रपट आठवतात. एरिक क्रेस हे नाव मात्र आपल्यापैकी फार थोड्यांच्या कानांवरून गेले असेल. हा गृहस्थ छायालेखक, आणि त्याचे जे काम आम्हांस सर्वांत मोलाचे वाटते ते त्याने दूरचित्रवाणीसाठी केले.

कोपनहेगनच्या 'रिग्सहॉस्पिटल' या मोठ्या इस्पितळाला तिथले लोक नुसते 'रीगेट', म्हणजे 'राज्य', म्हणतात. त्याच नावाची चार भागांची मालिका १९९४ साली डॅनिश दूरचित्रवाणीवर आली. दिग्दर्शक लार्स फॉन ट्रिअर, त्याच्या जोडीला मॉर्टन आर्नफ्रेड. गोष्ट भुताची! लिफ्टच्या पोकळीतून एका लहान मुलीचे रडणे ऐकू येते आणि एक म्हातारी रुग्ण तिचा माग काढू लागते.

आता भुताची गोष्ट म्हटली की मेणबत्त्या, लांब सावल्या आणि करकरणारे दार हा सरंजाम आलाच. क्रेसने तो बाजूला ठेवला. कॅमेरा हातात घेऊन तो डॉक्टरांच्या मागे असा धावतो, की एखादा बातमीदारच इस्पितळात शिरला आहे असे वाटावे. दोघे बोलत असताना कॅमेऱ्याने त्यांच्यामधली काल्पनिक रेषा ओलांडू नये, नाहीतर डावीकडे पाहणारा माणूस एकदम उजवीकडे पाहू लागतो, असा चित्रणातला जुना दंडक आहे. इथे तो खुशाल मोडलेला आहे. चित्रण १६ मि.मी. फिल्मवर, संकलन व्हिडिओवर आणि चित्रपटगृहांसाठी पुन्हा ३५ मि.मी.च्या प्रती; या प्रवासात चित्र भरड झाले, त्यावर तपकिरी-पिवळी झाक आली. कोणी म्हणेल, हे तर चित्राचे वाटोळे! आम्हांस तसे वाटत नाही. जे चित्र इतके ओबडधोबड, ते खोटे कशाला बोलेल, अशी प्रेक्षकाची समजूत होते. आणि मग त्याच चित्रात भूत दिसले, की ते नाकारायला त्याच्याजवळ काही उरत नाही. आरंभीचे दृश्य तेवढे वेगळे आहे. इस्पितळाच्या जागी पूर्वी असलेल्या, कापड शुभ्र करण्याच्या तळ्यांवरचे ते धुके संथपणे सरकते.

मार्च १९९५ मध्ये पॅरिसला ट्रिअरने 'डॉग्मा'चा जाहीरनामा वाचला. कॅमेरा हातातच धरावा, हा त्यातला एक नियम. जगाने तो दिग्दर्शकांचा शोध मानला. पण क्रेसच्या खांद्यांनी तो भार वर्षभर आधीच वाहिला होता! दिग्दर्शकाचे नाव श्रेयनामावलीत नसावे, असाही एक नियम त्यात होता. तरी नाव झाले ते दिग्दर्शकांचेच.

पुढे २००९ साली नील्स आर्डेन ओपलेव्ह या डॅनिश दिग्दर्शकाने 'द गर्ल विथ द ड्रॅगन टॅटू' हा स्वीडिश चित्रपट काढला. त्याचे चित्रण क्रेसने येन्स फिशरसह केले. तो चित्रपट देशोदेशी गाजला, आणि दुसऱ्याच वर्षी त्याची वाढवलेली आवृत्ती मालिका होऊन आली, ती दूरचित्रवाणीवरच.