सहकारी सेवकाचे सेवा-उपदान

सहकारी चळवळीचा गौरव करताना साखर कारखाने, सूतगिरण्या, पतसंस्था आणि खरेदी-विक्री संघ यांचा उल्लेख होतो. सभासद व संचालक यांच्याविषयीही पुष्कळ बोलले जाते. परंतु वजनकाट्यावर, गोदामात वा खतावणीपुढे तीस-तीस वर्षे घालविलेला सेवक निवृत्त होतो, त्या दिवशी त्याच्या हाती काय पडते हा प्रश्न मागेच राहतो. पुष्कळदा शाल, श्रीफळ आणि एक वाक्य पडते : "संस्थेची परिस्थिती सुधारली की पाहू."

या वाक्याला कायद्यात आधार नाही. १६ सप्टेंबर १९७२ पासून अंमलात आलेल्या उपदान प्रदान अधिनियमाने दहा वा अधिक कामगार असलेल्या आस्थापनांवर हे देणे बंधनकारक केले. संस्था सहकारी आहे म्हणून त्यातून सूट नव्हती. प्रत्येक पूर्ण वर्षास पंधरा दिवसांचे वेतन हे त्याचे माप, आणि महिना सव्वीस दिवसांचा धरावयाचा. अखेरचे वेतन महागाई भत्त्यासह २६,००० रुपये आणि सेवा तीस वर्षे असेल, तर रोजचे १,००० रुपये, वर्षाचे १५,००० आणि एकूण ४,५०,००० रुपये होतात. निम्नवर्गीय सेवकाच्या आयुष्यात एवढी रक्कम एकदाच येते. मुलीचे लग्न, घराचे छप्पर, डोळ्यांची शस्त्रक्रिया, सारे तिच्याच भरवशावर ठेवलेले असते. कारखान्यातील हंगामी कामगारास मात्र प्रत्येक हंगामामागे सात दिवसांचेच वेतन, ही तरतूद अनेकांना निवृत्तीच्या दिवशी प्रथम कळते.

२१ नोव्हेंबर २०२५ रोजी सामाजिक सुरक्षा संहिता, २०२० अंमलात आली आणि १९७२ च्या अधिनियमाची जागा तिने घेतली. पाच वर्षांच्या सेवेची सर्वसाधारण अट आणि पंधरा दिवसांचे माप तिनेही कायम ठेवले आहे.

वाद उभा राहिला की पहिली अडचण येते ती दाराची. सहकारी संस्थेशी भांडण म्हणजे सहकार न्यायालयात जावयाचे, असा समज खोलवर रुजलेला आहे आणि त्यापायी वर्षे वाया गेली आहेत. १९६९ मध्ये आंध्र प्रदेशातील एका सहकारी मध्यवर्ती बँकेच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट केले, की सेवकांच्या सेवाशर्तींचा वाद हा संस्थेच्या 'व्यवहारा'शी निगडित वाद नव्हे. महाराष्ट्राच्या १९६० च्या सहकारी संस्था अधिनियमातील कलम ९१ मधूनही औद्योगिक विवाद वगळलेला आहे. १९७२ च्या अधिनियमाने उपदानासाठी स्वतंत्र नियंत्रक प्राधिकारी नेमून दिला होता. सेवकाने अर्ज केला नाही तरी रक्कम ठरविण्याचे कर्तव्य संस्थेचेच होते, तीस दिवसांनंतर व्याज लागू होई, आणि अपील करणाऱ्या संस्थेस आधी रक्कम भरावी लागे. एवढ्यावरही पैसे न आल्यास जिल्हाधिकारी ते जमीन महसुलाच्या थकबाकीप्रमाणे वसूल करू शकत.

संस्थांकडून पुढे येणारी कारणे ठराविक असतात : लेखापरीक्षकाने शेरा मारला आहे, कोणा सहकाऱ्याच्या कर्जास सेवक जामीन आहे, बेबाकी दाखला आलेला नाही. नुसत्या शेऱ्याने उपदान जप्त होत नाही. त्या अधिनियमानुसार सेवकाच्या हेतुपुरस्सर कृत्यामुळे वा हयगयीमुळे नुकसान होऊन त्यास सेवेतून काढले असेल, तर नुकसानीपुरतीच रक्कम रोखता येत असे. अर्थात संस्थेचीही एक बाजू आहे. निवृत्तीपूर्वी सुरू झालेली खातेनिहाय चौकशी पुढे चालविण्याची सोय सेवानियमांत असेल, तर ती संपेपर्यंत उपदान थांबविता येते, असा निर्णय सर्वोच्च न्यायालयाने २०२० मध्ये दिला. म्हणून सेवानियमांची प्रत सेवकाने नोकरीत असतानाच मिळवून ठेवावी.

भविष्यनिर्वाह निधीची गोष्ट याहून गंभीर, कारण तेथे सेवकाच्या पगारातून कापलेला पैसाही अडकलेला असतो. महाराष्ट्र राज्य सहकारी बँकेच्या प्रकरणात २००९ मध्ये हाच पेच न्यायालयापुढे आला. कारखान्यांनी साखरेची पोती बँकेकडे तारण ठेवली होती आणि कामगारांच्या निधीची बाकीही थकविली होती. साखरेच्या पैशावर आधी हक्क कोणाचा? तारण घेणाऱ्या बँकेआधी निधीची बाकी, तीही व्याज व नुकसानभरपाईसह, असे उत्तर सर्वोच्च न्यायालयाने दिले. बंद पडलेल्या कारखान्यांच्या कामगारांसाठी या निर्णयाइतका मोलाचा निर्णय क्वचितच सापडेल.

निवृत्तिवेतनाबाबत पंजाब राज्य सहकारी कृषी विकास बँकेचे प्रकरण पाहण्यासारखे आहे. १९८९ पासून लागू केलेली योजना बँकेने २०१४ मध्ये नियम बदलून मागे घेतली. कारण सांगितले पैशाच्या टंचाईचे. ११ जानेवारी २०२२ रोजी सर्वोच्च न्यायालयाने ठरविले, की निवृत्तांना प्राप्त झालेला हक्क पूर्वलक्षी दुरुस्तीने काढून घेता येणार नाही आणि टंचाई ही सबब त्यापुढे टिकत नाही.

प्रत्यक्ष सुनावणीत मात्र बहुतेक दावे कायद्याच्या प्रश्नावर नव्हे, तर सेवेच्या वर्षांवर अडतात. संस्था अवसायनात गेली, कार्यालयाला कुलूप लागले, हजेरीपट गहाळ झाले, की तीस वर्षांची नोकरी सिद्ध करण्यास नेमणूकपत्र, पगाराच्या पावत्या, निधीचे वार्षिक उतारे आणि सोबत काम केलेल्यांच्या साक्षी एवढेच उरते. हंगामी कामगाराकडे तर हंगामागणिक मिळालेली हजेरीची चिठ्ठी, तीही जपून ठेवली असेल तरच.