कविकट्टा मुख्य मंडपात आणा



संमेलनाध्यक्षाला मोकळा माईक क्वचितच मिळतो. त्यामुळे शाल-श्रीफळाचे आभार मानून हे भाषण थेट एका रॅपरकडे वळतं. ‘हे अध्यक्ष झाले तर व्यासपीठावर रॅप आणतील,’ असा प्रचार निवडीआधी झाला होता. तो खरा होता.

हा रॅपर, डॅनियल डूमिले, १३ जुलै १९७१ रोजी लंडनमध्ये जन्मला. वडील झिम्बाब्वेचे, आई त्रिनिदादची. कुटुंब न्यूयॉर्कजवळच्या लाँग आयलंडला गेलं आणि मुलगा तिथेच वाढला. धाकटा भाऊ डिंगिलिझ्वे, म्हणजे डीजे सबरॉक, याच्यासोबत त्याने ‘केएमडी’ हा गट बांधला. १९९१ साली ‘इलेक्ट्रा’ या बड्या कंपनीने त्यांचा ‘मिस्टर हूड’ हा अल्बम काढला. दुसरा अल्बम पुरा होत आला असताना, एप्रिल १९९३ मध्ये, महामार्ग ओलांडणाऱ्या सबरॉकला मोटारीने उडवलं. मोठ्या भावाने उरलेलं काम एकट्याने संपवलं. मुखपृष्ठावर होता फासावर लटकलेला ‘सॅम्बो’, गोऱ्यांनी काळ्या माणसाची टर उडवण्यासाठी रूढ केलेलं व्यंगचित्र. म्हणजे फास होता तो त्या अपमानाला. ओरड झाली, कंपनी घाबरली आणि १९९४ साली तिने अल्बमही अडवला, कलावंतालाही सोडून दिलं.

पुढची काही वर्षं या माणसाने न्यूयॉर्कच्या रस्त्यांवर काढली. बाकांवर झोपण्याची वेळ आली, असं त्यानेच नंतर सांगितलं.

मग तो परतला कुठून? एखाद्या पुरस्कार समितीच्या दारातून नव्हे. मॅनहॅटनमध्ये ‘न्युयोरिकन पोएट्स कॅफे’ नावाची जागा आहे. १९७३ च्या सुमारास मिगेल अल्गारिन या कवीच्या दिवाणखान्यात पोर्तो रिकन कवी जमू लागले, त्यातून ती उभी राहिली. तिथल्या खुल्या मंचावर, नव्वदच्या दशकाच्या अखेरीस, डूमिले चेहऱ्यावर स्त्रियांचा पायमोजा ओढून उभा राहिला आणि रॅप म्हणू लागला. पायमोज्याच्या जागी पुढे धातूचा मुखवटा आला आणि मार्व्हल कॉमिक्समधल्या खलनायकाच्या धर्तीवर ‘एमएफ डूम’ हे नाव आलं. कंपनीने टाकून दिलेल्या माणसाला कवींच्या कट्ट्याने उभं केलं.

आता आपल्या कट्ट्याबद्दल. संमेलनाचा कविकट्टा, म्हणजे आपला खुला मंच, नेहमी कुठे असतो, हे या मंडपात कुणाला सांगायला नको. भोजनमंडपाच्या मागे, भर दुपारी, खरखरणाऱ्या ध्वनिवर्धकावर. चांदा ते बांदा स्वखर्चाने आलेल्या कवीला तीन मिनिटं मिळतात, त्यातलं एक सूत्रसंचालक खातो. मुख्य मंडपातल्या निमंत्रितांच्या कविसंमेलनात मात्र तीच ती नावं. ‘खुल्या मंचाने दर्जा घसरतो,’ असं म्हणणारे कोण, ते सगळे जाणतात. कट्ट्याच्या तंबूत ते शेवटचे कधी बसले होते, एवढंच त्यांनी सांगावं.

प्रस्तुत वक्ता विशीत होता, तेव्हा लालबागचे एक गिरणी कामगार शाहीर त्याला बोट धरून एका कविसंमेलनाला घेऊन गेले. शाहिरांचं नाव यादीत होतं. ‘छापील संग्रह नाही’ म्हणून आयोजकांनी ते दारातच खोडलं. शाहिरांच्या रचना तोंडपाठ असणारे शेकडो कामगार तेव्हा गिरणगावात होते. शाहीर काही बोलले नाहीत, परतीच्या बसमध्येही नाही. ती खोडलेली ओळ या वक्त्याला आजही डाचते. प्रत्येक निमंत्रणपत्रिकेत तो आजही ती शोधतो.

छापणाऱ्याचीच मिजास असेल, तर छापखाना आपल्या हाती घ्यावा लागतो. साठच्या दशकात मुंबईच्या अनियतकालिकांनी सायक्लोस्टाइल यंत्रावर तेच केलं. अशोक शहाण्यांच्या ‘प्रास’ प्रकाशनाने १९७७ साली ‘अरुण कोलटकरच्या कविता’ काढल्या. डूमने हीच वाट चोखाळली. ‘ऑपरेशन: डूम्सडे’ हा त्याचा पहिला एकल अल्बम १९९९ साली आला, तो रेडिओवर डीजे असलेल्या बॉबिटो गार्सियाच्या छोट्याशा ‘फॉन्डल एम’ कंपनीकडून. बहुतेक संगीत डूमने स्वतःच रचलं होतं. शादे या गायिकेच्या गाण्याचा तुकडा, जुन्या कार्टूनमधले संवाद, त्याखाली ढोलाचा ठेका, सगळं घरगुती गोधडीसारखं एकाच हाताने शिवलेलं. ‘मेटल फिंगर्स’ या नावाने त्याने नुसत्या वाद्यसंगीताची ‘स्पेशल हर्ब्स’ ही मालिकाही काढली. २००३ साली ‘किंग गिडोरा’ आणि ‘व्हिक्टर व्हॉन’ या दोन टोपणनावांनी दोन वेगळे अल्बम आले.

२००४ च्या ‘मॅडव्हिलेनी’ या अल्बमचं संगीत मॅडलिब या संगीतकाराचं.  ‘मॅडव्हिलेनी’चा कच्चा खर्डा चोरीला जाऊन वर्षभर आधीच इंटरनेटवर फुटला होता. डूमने आपला आवाज पुन्हा नोंदवला, पूर्वीपेक्षा संथ आणि खर्जातला. बावीस छोट्या रचना, ध्रुवपद जवळपास नाहीच. यमक ओळीच्या शेवटाची वाट पाहत नाही, ओळीच्या पोटातच चार-चार अक्षरांनी जुळत जातं.

‘हे काव्य नव्हे’ म्हणणाऱ्यांनी मोरोपंत काढून बसावं. यमकासाठी आर्या घडवणारा, ओठाला ओठ न लावता म्हणता येईल असं निरोष्ठ रामायण रचणारा हा बारामतीचा पंडित. त्याच्या आर्या कीर्तनातून गाजवल्या रामजोशांनी, म्हणजे लावणीकाराने. पंडिताला फडावरच्या माणसाचा विटाळ झाला नाही.

डूमने काही कार्यक्रमांना मुखवटा घालून दुसऱ्यालाच पाठवलं. आपण लेखक-दिग्दर्शक आहोत, पात्र कुणी वठवायचं ते आपण ठरवू, अशी त्याची भूमिका होती. तिकीट काढून आलेले चिडले आणि त्यांचा राग रास्त होता. पण त्यावरून त्याचं लेखन बाद ठरवणारे मुखवट्याकडेच पाहत राहिले, शब्दांपर्यंत पोहोचलेच नाहीत.

अमेरिकेचं नागरिकत्व त्याने कधी घेतलं नव्हतं. २०१० साली युरोपचा दौरा आटोपून परतताना त्याला देशात शिरू दिलं नाही. ज्या शहरात तो घडला, ते कायमचं तुटलं. २०१७ साली त्याचा किशोरवयातला मुलगा गेला. ३१ ऑक्टोबर २०२० रोजी इंग्लंडमधल्या लीड्स इथे, वयाच्या एकोणपन्नासाव्या वर्षी, डूम वारला. जगाला ते कळलं ३१ डिसेंबरला.

तेव्हा अध्यक्ष या नात्याने दोन गोष्टी. पहिली, उद्या खुल्या अधिवेशनात ठराव मांडला जाईल: कविकट्टा मुख्य मंडपात, संध्याकाळी, निमंत्रितांच्याच ध्वनिवर्धकावर, आणि छापील संग्रहाची अट कुणालाही नाही. सूचक प्रस्तुत वक्ता आहे, अनुमोदकांनी कार्यालयात नावं द्यावीत. दुसरी, ठराव फेटाळला गेला तर समारोपाच्या सत्रातला अध्यक्षांचा सगळा वेळ कट्ट्यावरच्या कवींना दिला जाईल. वासुदेव असो, शाहीर असो की रॅपर, ज्याला यायचं त्याने चार वाजता मुख्य व्यासपीठाच्या डाव्या पायरीपाशी उभं राहावं.