लुगडे आईचे, नाच दुसऱ्याचा
(मंडळाच्या वार्षिकोत्सवात वाचलेले भाषण)



मी सातवी शिकलेली बाई. भाषणाची सवय नाही. चुकले तर सांभाळून घ्यावे.

माझ्या माहेरी, रत्नागिरीजवळच्या वाडीत, शिमग्याला नमन होई. आधी गण, मग गवळण. उंच टोपीचा संकासूर आला की आम्ही मुले आईच्या पदराआड! गवळणी मात्र सारे पुरुष. माझ्या आईचे ठेवणीतले लुगडे दरवर्षी त्यासाठी जाई. एकदा मी विचारले, "लुगडे आपले, मग मी का नाही नाचायचे?" आई म्हणाली, "बायकांनी बघायचे." ते शब्द मनात राहिले.

परवा लेकीच्या भिंतीवर जपानी गायिकांची चित्रे दिसली. मी रागावले. तिने मला समोर बसवून सारे सांगितले. जपानातले काबुकी नाटक १६०३च्या सुमारास क्योतोत ओकुनी नावाच्या बाईनेच सुरू केले. १६२९ साली सरकारने बायकांना रंगभूमीवर बंदी घातली आणि पुढे पुरुषच स्त्रिया होऊ लागले. म्हटले, ही तर आपलीच गोष्ट! १८४३ साली विष्णुदास भाव्यांनी सांगलीत 'सीतास्वयंवर' केले, तेव्हा सीताही पुरुषच होता. पुढे बालगंधर्वांचे पाहून घरंदाज बायका लुगडी नेसू लागल्या, गजरे माळू लागल्या. म्हणजे भिंतीवर चित्रे लावणारी माझी लेक काही पहिली वेडी नव्हे!

त्याच जपानात ताकाराझुका गावी १९१४ सालापासून बायकांचेच नाटक चालते. नायकही बाईच. पाहायला येणाऱ्याही बहुतेक बायकाच. आवडत्या नटीसाठी त्या नाट्यगृहाबाहेर शिस्तीत उभ्या राहतात. मात्र तिथल्या पुष्कळ तरुण गायिकांना प्रेम करायचीही मनाई असते, कारण चाहते रुसतील! मी लेकीला एवढेच म्हटले, "आवड असू दे, पण गाणारी पोर हेही कुणाचे तरी लेकरू आहे, हे विसरू नकोस."

भगिनींनो, आपल्याकडेही आता बायका नमन करू लागल्या आहेत. पुढच्या वर्धापनदिनी आपल्या मंडळाने गवळण बसवावी, अशी माझी विनंती आहे. आईचे ते लुगडे माझ्याकडे आहे. काठ विरले आहेत, पण मी तेच नेसणार. घरी अजून विचारलेले नाही. आज इथे बोलले, म्हणजे संध्याकाळपर्यंत कळेलच.

आईला पुढच्या रांगेत बसवीन. बघायचे काम आता तिचे.