जामीन मंजूर, सुटका नाही

(कार्यकर्त्यांच्या अभ्यासशिबिरात केलेल्या भाषणाचा मजकूर)



‘गरिबांना कायदेविषयक मदत’ हा विषय आपण मला दिला आहे. ह्या विषयावर बोलणारे बहुतेक वक्ते राज्यघटनेच्या ३९-अ ह्या अनुच्छेदापासून आरंभ करतात. माझे आयुष्य तालुक्याच्या न्यायालयात वकिली करण्यात गेले आहे. तेव्हा मी त्या न्यायालयाच्या आवारापासूनच आरंभ करतो.

काही वर्षांपूर्वी ऊसतोडणीच्या हंगामात बीडकडील एक मजूर आमच्या भागात विहिरीवरची मोटार चोरल्याच्या आरोपावरून पकडला गेला. चौथ्या दिवशी त्याला जामीन मंजूर झाला. अट अशी की, पंधरा हजार रुपयांचा एक स्थानिक, ऐपतदार जामीनदार द्यावा. हा माणूस त्या गावात उपरा, फडाशेजारी कोपीत राहणारा. मुकादमाने पहिल्याच दिवशी हात झटकले. त्याला काळजी होती ती आपण दिलेल्या उचलीची. गावी थोरल्या भावाची दोन एकर कोरडवाहू जमीन होती. तो बिचारा सात-बाराचा उतारा घेऊन, रात्रभर एस.टी.चा प्रवास करून न्यायालयात आलाही. उतारा पाहिला गेला आणि जमीन दुसऱ्या जिल्ह्यातली आहे म्हणून परत केला गेला. भाऊ संध्याकाळच्या गाडीने निघून गेला. बायको टोळीबरोबर राहिली; पण जोडीतला एक माणूस गेला की कोयता अर्धा होतो आणि मजुरीही अर्धी होते. उचल मात्र अर्धी होत नाही. पट्टा पडला, टोळी गावाकडे परतली, तरी हा आतच. जामीन मंजूर झाल्यानंतर चार महिने अकरा दिवस तो तुरुंगात होता.

हे प्रकरण माझ्याकडे फार उशिरा आले, असे मी पूर्वी सांगत असे. ते तितकेसे खरे नाही. दर तारखेला पोलीस त्याला व्हरांड्यातल्या बाकावर आणून बसवीत, आणि मी त्याच्या समोरूनच जात-येत असे. तू अजून येथे कसा, हे त्याला विचारावे असे चार महिने मला सुचले नाही.

ह्याला एका माणसाचे दुर्दैव म्हणून सोडून देता येत नाही. मोतीराम नावाच्या मध्यप्रदेशातील एका गवंड्याची हकीकत हुबेहूब अशीच आहे. सर्वोच्च न्यायालयाने त्याला जामीन दिला; खालच्या न्यायदंडाधिकाऱ्याने दहा हजारांचा जामीनदार मागितला आणि भावाचा जामीन मात्र, तो व त्याची मालमत्ता दुसऱ्या जिल्ह्यात आहे म्हणून, नाकारला. १९७८ साली न्यायमूर्ती कृष्ण अय्यर ह्यांनी त्या हुकमाचा कठोर शब्दांत समाचार घेतला आणि मोतीरामला स्वतःच्या एक हजाराच्या जातमुचलक्यावर सोडण्यास सांगितले. जामिनाची रक्कम माणसाची ऐपत पाहून ठरवा, जिल्ह्याच्या हद्दीवरून माणसामाणसांत भेद करू नका, असे त्या निकालाचे सार आहे. पुढे ३१ जानेवारी २०२३ रोजी त्याच न्यायालयाला पुन्हा सांगावे लागले की, स्थानिक जामीनदाराच्या आग्रहामुळे सुटका लांबते, तेव्हा ती अट घालू नये. दोन आदेशांमध्ये ४४ वर्षांचे अंतर आहे. एवढ्या काळात आमच्या तालुक्यापर्यंत मोतीराम पोहोचलाच नाही.

जामीनदार मागण्यामागे जी समजूत आहे ती नीट पाहिली पाहिजे. ज्याच्या नावावर जमीन आहे तो पळून जाणार नाही आणि ज्याच्या नावावर काही नाही तो पळेल, अशी ती समजूत आहे. प्रत्यक्षात उचलीने बांधलेला, बायकामुले कोपीत ठेवून आलेला मजूर पळणार कोठे? परदेशात पळून गेलेल्यांची नावे आपण वर्तमानपत्रात वाचतो. त्यांच्यापाशी ऐपतीचे दाखले भरपूर होते. माणसाच्या शब्दाला किंमत नाही, कागदाला आहे, हे आपल्या शेतकऱ्याला फार पूर्वीच कळले होते. मे १८७५ मध्ये पुणे जिल्ह्यातील सुपे येथे जो उठाव सुरू झाला, त्यात लोकांचा रोख सावकाराच्या जिवावर फारसा नव्हता. त्यांनी शोधून शोधून जाळली ती कर्जखते आणि हुकूमनामे.

आणि कागदच नसलेल्यांचे काय? पारध्यांच्या एखाद्या वस्तीवर जाऊन पाहा. गुन्हेगार जमातींचा कायदा १९५२ साली रद्द झाला, पण चोरी झाली की पोलिसांची गाडी अजून त्या वस्तीकडेच आधी वळते. तेथे सात-बारा नाही, पुष्कळांपाशी शिधापत्रिका नाही. मग ऐपतीच्या दाखल्यासाठी तलाठ्याकडे आणि तहसीलीत कोणी खेपा घालायच्या? अशा वेळी न्यायालयाबाहेर चहाच्या टपरीवर धंदेवाईक जामीनदार भेटतो. तो आपली फी घेतो, आणि ती फी भरण्यासाठी घरातली शेळी जाते.

३१ डिसेंबर २०२२ रोजी देशातील तुरुंगांत ५,७३,२२० माणसे होती. त्यांतील ४,३४,३०२ कच्चे कैदी होते. म्हणजे चारांतील तिघांवरचा गुन्हा शाबीत व्हायचा होता.

कायदा काहीच करीत नाही असे मात्र मी म्हणणार नाही. १९७९ साली बिहारच्या तुरुंगांतील कच्च्या कैद्यांची स्थिती हुसैनआरा खातून प्रकरणात उघड झाली, तेव्हापासून मोफत वकील हा आरोपीचा हक्क मानला गेला. आरोपीने मागितला नाही म्हणून तो हक्क बुडत नाही, असे १९८६ च्या सुकदास निकालाने ठरले. १९८७ च्या विधी सेवा प्राधिकरण कायद्याचे बारावे कलम आपण प्रत्येकाने पाठ करावे, अशा योग्यतेचे आहे. स्त्रिया, मुले, अनुसूचित जाती-जमातींची माणसे, औद्योगिक कामगार आणि कोठडीत असलेला कोणीही माणूस, ह्यांना वकील मोफत मिळतो आणि त्यांच्या उत्पन्नाची अट पाहिली जात नाही. जामीनपात्र गुन्ह्यात अटकेपासून आठवड्याच्या आत ज्याला जामीनदार देता आला नाही, तो निर्धन आहे असे न्यायालयाने गृहीत धरावे, ही तरतूद २००५ च्या दुरुस्तीने आली. जुलै २०२४ पासून लागू झालेल्या नागरिक सुरक्षा संहितेच्या ४७९ व्या कलमाप्रमाणे, पूर्वी कधी शिक्षा न झालेल्या कैद्याने कमाल शिक्षेचा एक-तृतीयांश काळ आत काढला असेल, तर त्याला मुचलक्यावर सोडावयाचे आहे. देहदंड वा जन्मठेपेचे गुन्हे ह्यातून वगळले आहेत. पण ह्याच कलमात एक खोच आहे: एकाहून अधिक खटले प्रलंबित असतील तर ही सवलत मिळत नाही. एका आठवड्यात ज्याच्या नावावर चार चोऱ्या चढतात त्या पारध्याच्या पोराला हे कलम काय कामाचे?

सरकारी विधी सेवेचे बरेचसे बळ लोकअदालतीच्या आकड्यांत खर्च होते, हेही जाता जाता सांगतो. बँकांची थकबाकी तडजोडीने मिटली तर वाईट नाही, पण ते तुरुंगातील माणसापर्यंत पोहोचणे नव्हे.

आता मुख्य गोष्ट. मोफत वकील मिळाला, अर्ज झाला, जामीन मंजूरही झाला, तरी जामीनदार वकिलाने आणावयाचा नसतो. आणि वकिलाला स्वतःच्या अशिलाचा जामीनदार होताही येत नाही, बार कौन्सिलचा नियमच तसा आहे. म्हणजे नेमके जेथे गाडे अडते तेथे मी निरुपयोगी आहे आणि आपण उपयोगी आहात. मोर्चे आपण पुष्कळ काढले; तुरुंगही आपल्यातल्या अनेकांनी पाहिला आहे. राजकीय कैद्याला जामीनदार रांग लावून मिळतात. बाकावर बसलेल्या त्या ऊसतोड्याला एकही मिळाला नव्हता.

आरोपी पळाला तर जामीनदाराला रक्कम भरावी लागते, ही भीती खरी आहे. मी ती लपवणार नाही. म्हणून एकट्याने नव्हे, शाखेने मिळून हे काम करावे. तारखेच्या आदल्या दिवशी त्याच्या घरी जाऊन आठवण द्यावी, एस.टी.चे भाडे नसेल तर द्यावे. तारीख चुकते ती बहुधा पळून गेल्यामुळे नव्हे, रोजगार बुडेल म्हणून किंवा तारीख कळलीच नाही म्हणून. जामिनाची रक्कमच झेपत नसेल तर आणखी एक वाट आहे. मंजुरीनंतर महिनाभरात जामीन देता आला नाही, तर न्यायालय अट सैल करण्याचा विचार करू शकते, आणि सात दिवसांत सुटका झाली नाही तर तुरुंगाधिकाऱ्याने जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाच्या सचिवास कळवावयाचे असते. दोन्ही गोष्टी २०२३ च्या त्याच आदेशात आहेत. कळवले की नाही, एवढे विचारायला प्राधिकरणाच्या कचेरीत महिन्यातून एकदा कोणी तरी गेले पाहिजे. ती कचेरी जिल्हा न्यायालयाच्या आवारातच असते. दूरध्वनीने विचारावयाचे तर क्रमांक १५१०० आहे.

त्या मजुराला शेवटी ज्याने सोडवले तो आमच्या गावातला एक सायकल-दुरुस्तीवाला. त्याच्या नावावर पाऊण एकर जमीन होती. मी विचारले तेव्हा त्याने एवढेच विचारले की, दुकान किती वेळ बंद ठेवावे लागेल.

जेवणाच्या सुट्टीत एक वही फिरेल. ज्यांच्या नावावर सात-बारा किंवा घर आहे आणि जे जामीनदार होण्यास तयार आहेत, त्यांनी आपले नाव, गाव व गट क्रमांक तीत लिहावा. बाकीच्यांनी, तारखेला कोणत्या वारी येता येईल तो वार लिहावा.