कॅमेऱ्यामागचा माणूस आणि आपला इतिहास



इतिहास लिहिणाऱ्यांची नावे आपल्याला पाठ असतात. तो फिल्मवर टिपणारे मात्र विस्मृतीत जातात. मुंबईचे हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर ऊर्फ सावेदादा हे त्यांपैकी एक. व्यवसाय फोटोग्राफीचा. 1896 साली वॉटसन हॉटेलात ल्युमिए बंधूंचा चलच्चित्रांचा खेळ आला. तो पाहून या गृहस्थांनी लंडनहून 21 गिनींना कॅमेरा मागविला. 1899 साली हँगिंग गार्डनला पुंडलिकदादा आणि कृष्णा न्हावी यांची कुस्ती त्यांनी चित्रित केली. फिल्म धुण्यासाठी बोटीने लंडनला पाठवावी लागली. ती परत येईतो चित्र उमटले की नाही हेही कळायचे नाही! (एका मल्लाचे नाव आपल्यापर्यंत आले तेही जातीच्या धंद्याला चिकटूनच.)

डिसेंबर 1901 मध्ये केंब्रिजचे सीनियर रँग्लर र. पु. परांजपे मायदेशी परतले, त्यांचे स्वागत सावेदादांनी टिपले. 1903 चा दिल्ली दरबारही टिपला. पुढे ते गेटी थिएटरच्या व्यवस्थापनात गेले आणि कॅमेरा बाजूला पडला.

आता पाहा, हा कॅमेरा वळला कुठे? रँग्लरांकडे आणि दरबाराकडे. त्यांना दोष देता येणार नाही. फिल्म महाग होती, जे पाहायला गर्दी जमेल तेच टिपले जाई. पण त्याच मुंबईत गोदीत आणि गिरणीत राबणारा आपला माणूस त्या चौकटीत आला नाही.

म्हणूनच 7 डिसेंबर 1956 या दिवसाला मी वेगळे महत्त्व देतो. परमपूज्य बाबासाहेबांच्या अंत्ययात्रेला मुंबईत जनसागर लोटला होता. दलित लेखक नामदेवराव व्हटकर यांनी पदरमोड करून ती अंत्ययात्रा चित्रित करून घेतली. पिढ्यान्‌पिढ्या चौकटीबाहेर राहिलेली माणसे त्या दिवशी चौकटीत आली, आणि तीही आपल्याच माणसाच्या खर्चाने.

सावेदादांच्या फिल्म मात्र आज पाहायला मिळत नाहीत. त्या काळची नायट्रेट फिल्म झटकन पेट घेते; पुण्यात 2003 साली लागलेल्या आगीत अशा कितीतरी जुन्या फिल्म जळाल्या. नंतरच्या ॲसिटेट फिल्मला दमट हवा आणि उष्णता बाधते. तिला व्हिनेगरसारखा आंबूस वास सुटतो, ती आकसते आणि मग प्रोजेक्टरवर चढतच नाही.

विद्यार्थी मित्रहो, घरच्या ट्रंकेत जयंतीच्या मिरवणुकीचे, धम्मपरिषदेचे जुने रीळ किंवा व्हिडिओ कॅसेट असेल, तर डब्यावर तारीख, गाव आणि दिसणाऱ्या माणसांची नावे लिहा. चेहरे ओळखणारी वडीलधारी मंडळी आहेत, तोवरच हे काम होईल. आंबूस वास येणारे रीळ इतरांपासून वेगळे, थंड व कोरड्या जागी ठेवा आणि त्याची डिजिटल प्रत सर्वांआधी करून घ्या. प्रत झाली म्हणून मूळ रीळ भंगारवाल्याला देऊ नका.

जयभीम!