सावळ्या माणसाची जबानी

सिल्वासाच्या बाजारात टोपली मांडून बसलेल्या वारली बाईवर कॅमेरा रोखणारे पाहुणे मी पुष्कळदा पाहिले आहेत. तिच्या हातावरील गोंदणाचे आणि मनगटातील कड्यांचे छायाचित्र ते हौसेने घेतात आणि तिचे नावही न विचारता पुढे निघून जातात. वर्ण आणि वंश यांविषयी समाजात जी चर्चा चालते, ती वर्तमानपत्रांनी व चित्रपटांनी पुरविलेल्या शब्दांतच चालते, आणि ज्याच्याविषयी ती चालते त्याची जबानी मात्र तीत क्वचितच नोंदली जाते, अशी माझी धारणा आहे.

सिल्वासापासून जवळच, तलासरी-उंबरगावच्या मुलखात, वेठीविरुद्ध आणि लग्नासाठी काढलेल्या कर्जापायी जन्मभर धन्याच्या घरी राबणाऱ्या ‘लग्नगड्या’च्या दास्याविरुद्ध वारली १९४५ साली उठले; ऑक्टोबरमध्ये तलवाड्यास जमलेल्या लोकांवर पोलिसांनी गोळीबार केला आणि पाच जणांचा प्राण गेला. ‘जमाव’ या एका शब्दात अशी माणसे सहज दिसेनाशी होतात. या लढ्याच्या नेत्या गोदावरी परुळेकर त्यांच्या झोपड्यांतून राहिल्या आणि ‘जेव्हा माणूस जागा होतो’ या ग्रंथात त्यांनी त्याच जमावातील एकेक माणूस, त्याच्या भुकेसह व भीतीसह, वाचकांपुढे उभा केला.

चित्रपटांत हे उशिरा घडले. ‘जैत रे जैत’ हा चित्रपट मला अतिशय प्रिय आहे. परंतु त्यातील ठाकर आदिवासींच्या प्रमुख भूमिका शहरातील नटांनी केल्या, ही गोष्ट माझ्या मनातून जात नाही. पुढे करमाळा तालुक्यातील जेऊरचे नागराज मंजुळे यांनी ‘फँड्री’ काढला, तेव्हा कॅमेरा प्रथमच अशा माणसांच्या वस्तीच्या आतून बाहेर पाहू लागला, असे मला वाटले.

तो चित्रपट मी माझ्या वर्गातील मुलांना दाखविला. गोरे दिसावे म्हणून त्यातील नायक जब्या तोंडाला पावडर फासतो, त्या वेळी काही मुले हसली. माझ्या शेजारी बसलेला एक वारली मुलगा मात्र हसला नाही. दिवे लागल्यावर, सर्व मुले बाहेर पडेपर्यंत थांबून, तो हलकेच म्हणाला, “गुरुजी, मीबी लावतो.” दुसऱ्या दिवशी पाठ्यपुस्तक मिटून ठेवून आम्ही कातडीच्या रंगाविषयी बोलत बसलो, आणि पहिला बोलला तो तोच.