विजेची गाडी आणि बाईची पाटी

(समुदाय रेडिओवरील भाषण)

शेतावरून नुकत्याच आलेल्या, चुलीपुढे बसलेल्या, गटाच्या बैठकीत रेडिओ लावून ऐकणाऱ्या सगळ्याजणींना माझा नमस्कार.

आज मी विजेवर चालणाऱ्या रेल्वेबद्दल बोलणार आहे. तुम्ही म्हणाल, ताई, कर्जाचे हप्ते आणि व्याज सांगायचं सोडून आज रेल्वे कुठून आली? तर सांगते. आपल्या कर्जत तालुक्यातल्या कितीतरी बायका भाजी, रानभाज्या, फुलं, नाचणीचे पापड घेऊन लोकलनं दादरला जातात. पहाटेची गाडी मिळाली तर धंदा, चुकली तर भाजी सुकली. म्हणजे आपल्या हिशोबाच्या वहीत जमेची बाजू या गाडीवर उभी आहे. ती आली कशी, कोणाच्या जिवावर आली आणि तिनं आपल्याला काय दिलं, हे आपल्याला ठाऊक असायला हवं.

माझं माहेर लालबागचं. आजोबा गिरणीत होते. आजी नेहमी ट्रामच्या गोष्टी सांगायची, म्हणून सुरुवात ट्रामपासून करते. मुंबईत १८७४ साली ट्राम सुरू झाली तेव्हा ती घोडे ओढायचे. ७ मे १९०७ रोजी विजेची ट्राम धावली. गाडीला पुढे जनावर नाही, धूर नाही, आणि तरी ती चालते, याचं लोकांना केवढं नवल वाटलं असेल! पुढे लालबाग, परळवरून दादरपर्यंत ट्राम जायची. ३१ मार्च १९६४ ला शेवटची ट्राम बोरीबंदरहून दादरला गेली आणि ती बंद झाली. पण नाव राहिलं. आजही दादर पूर्वेला लोक ‘दादर टीटी’ म्हणतात ना, तो टीटी म्हणजे ट्राम टर्मिनस, ट्रामचा शेवटचा थांबा.

पण ट्राम शहरातल्या शहरात फिरायची. गावाला शहर जोडायचं काम रेल्वेचं. आपल्या देशातली पहिली प्रवासी रेल्वे १६ एप्रिल १८५३ ला बोरीबंदरहून ठाण्याला गेली. ती कोळशाची, वाफेची. पुढं सत्तर वर्षं मुंबईत वाफेच्याच गाड्या चालल्या. गिरण्या वाढल्या, परळ-लालबागला कोकणातून, घाटावरून माणसं आली, गर्दी वाढली. आणि वाफेची गाडी पुरी पडेना.

का पुरी पडेना? आपल्या चुलीवरूनच बघा. चूल पेटवायची, लाकूड घालायचं, फुंकायचं, पाण्याला उकळी यायची वाट पाहायची. वाफेच्या इंजिनाचं असंच होतं. आधी कितीतरी वेळ पाणी तापवायचं, वाटेत कोळसा-पाणी भरायचं. शिवाय जड इंजिनाला वेग धरायला वेळ लागतो. मुंबईत तर दर एक-दोन किलोमीटरवर स्टेशन. वेग धरतोय तोच थांबायचं. शेवटच्या स्टेशनला इंजिन सोडवायचं, वळसा घालून दुसऱ्या टोकाला आणायचं, पुन्हा जोडायचं. तोवर मागची गाडी खोळंबली.

विजेच्या लोकलला असं नाही. वरच्या तारेतून वीज येते. गाडीच्या टपावर जो हात वर करून तारेला टेकलेला असतो, तो पेंटोग्राफ ती वीज खाली घेतो. आणि पुढं एकटं इंजिन ओढत नाही, मधल्या काही डब्यांखालीही मोटारी असतात. एका बैलाऐवजी चार बैल जुंपल्यासारखं. म्हणून ती चटकन वेग धरते आणि चटकन थांबते. दोन्ही टोकांना चालवायची केबिन असते. शेवटचं स्टेशन आलं की मोटारमन आणि गार्ड जागा बदलतात, गाडी आल्या पावली परत निघते. त्याच रुळांवरून जास्त गाड्या जाऊ लागल्या, त्या यामुळे.

अशी पहिली विजेची गाडी ३ फेब्रुवारी १९२५ रोजी व्हीटीहून, म्हणजे आजच्या छत्रपती शिवाजी महाराज टर्मिनसहून, हार्बर मार्गानं कुर्ल्याला गेली. भारतातली ही पहिली विजेची रेल्वे. मुंबईचे गव्हर्नर सर लेस्ली विल्सन यांच्या हस्ते ती सुरू झाली. ३ फेब्रुवारी २०२५ ला या गोष्टीला शंभर वर्षं झाली. त्यानंतर पश्चिमेच्या बाजूला कुलाबा ते बोरिवली अशी गाडी जानेवारी १९२८ मध्ये सुरू झाली. गिरगावकरांच्या ग्रँट रोड, चर्नी रोड या स्टेशनांतून ती जायची. १९३६ ला तारा विरारपर्यंत गेल्या. आपल्या बाजूला १९३० पर्यंत कल्याणच्या पुढं एकीकडे पुणे आणि दुसरीकडे इगतपुरी इथवर वीज पोचली होती. बोरघाट चढायला विजेची इंजिनं आली. १ जून १९३० ला दख्खनची राणी सुरू झाली, ती विजेच्या इंजिनावरच. म्हणजे मुंबई, ठाणे, कल्याण, पुणे ही वेगवेगळी गावं एका तारेत ओवली गेली.

आता जरा थांबून एक प्रश्न विचारू या. ही वीज आली कुठून?

ती आली आपल्याच डोंगरांतून. लोणावळ्याजवळ धरणं बांधून पाणी अडवलं, ते पाचशे मीटरहून जास्त उंचीवरून नळांतून खाली खोपोलीला सोडलं. तिथं टाटांचं वीजघर १९१५ साली सुरू झालं. ही वीज आधी मुंबईच्या गिरण्यांना गेली. मग भिवपुरीला दुसरं वीजघर १९२२ मध्ये झालं. तिसरं भिऱ्याला, १९२७ मध्ये. त्या भिऱ्याच्या वीजघरासाठी पाणी लागलं मुळशीचं. रेल्वेनं ठाकुर्लीजवळ चोळा इथं स्वतःचं कोळशावरचं वीजघरही काढलं, पण मुंबईच्या गिरण्या, घरं आणि रेल्वे यांना या डोंगरातल्या पाण्याची वीज मिळत राहिली.

मुळशीचं धरण म्हणजे पन्नासच्या आसपास गावं पाण्याखाली. तिथली भातशेती म्हणजे मावळ्यांची पिढ्यान्‌पिढ्यांची जमीन. १९२१ च्या रामनवमीला तिथं सत्याग्रह सुरू झाला. पांडुरंग महादेव बापट त्याचे पुढारी. याच लढ्यानं त्यांना ‘सेनापती’ ही पदवी दिली. बायकासुद्धा कामाच्या जागी जाऊन बसल्या, तुरुंगात गेल्या. तरी धरण झालं. लालबागच्या घरात दिवा लागला, कुर्ल्याची गाडी धावली, आणि मावळातल्या बाईचं घर-वावर पाण्यात गेलं. ही दोन्ही चित्रं मी मुद्दाम शेजारी ठेवते आहे. गाडी वाईट, असं माझं म्हणणं नाही. त्या गाडीवर माझं माहेर जगलं आणि आपले गट जगतात. पण ज्यांनी किंमत मोजली त्यांना त्या गाडीत जागा मिळाली का, हे कोणीतरी विचारायला हवं होतं.

आता बाईच्या बाजूनं बघू. विजेच्या गाडीनं बाईला सगळ्यात मोठं काय दिलं असेल, तर वेळेचा भरवसा. घरातली बाई बाहेर पडायची तर तिला आधी परतीची वेळ सांगावी लागते. पाणी भरून, भाकरी करून, पोरांना शाळेत धाडून ती जाणार, आणि संध्याकाळी चूल पेटायच्या आत येणार. दर काही मिनिटांनी गाडी आहे, एक चुकली तर दुसरी आहे, एवढ्या आधारावर मुंबईतल्या किती बायका शिक्षिका झाल्या, नर्स झाल्या, ऑफिसात गेल्या. आणि आपल्यासारख्या बायका कर्जत, कसारा, पालघरकडून पाटी डोक्यावर घेऊन दादरच्या भाजीबाजारात आणि फूलबाजारात पोचल्या. दसऱ्याला दादर स्टेशनाबाहेर आपट्याची पानं आणि झेंडू घेऊन बसलेल्या बायका बघा. मध्य आणि पश्चिम अशा दोन्ही रेल्वे दादरला भेटतात, म्हणून तिथं गिऱ्हाईक दोन्ही बाजूंनी येतं. बाजार तिथंच का भरतो याचं उत्तर त्या रुळांत आहे.

याच गाडीनं मुंबईची माणसं लांबही नेली. १९८२ चा गिरणी संप झाला, गिरण्या हळूहळू बंद पडल्या. लालबाग-परळची कितीतरी घरं डोंबिवली, बदलापूर, विरारला गेली. आमच्या चाळीतल्याही गेल्या. राहायचं तिकडं आणि काम इकडं. लोकल होती म्हणून हे जमलं, आणि लोकल होती म्हणूनच त्यांना लांब ढकलणं सोपं गेलं. रोजचे तीन-चार तास गाडीत. डब्यात भाजी निवडणाऱ्या, लसूण सोलणाऱ्या बायका तुम्ही पाहिल्या असतील. त्यात हसण्यासारखं काही नाही. घरी गेल्यावर तेवढा अर्धा तास वाचावा म्हणून ती धडपड असते.

आणि गर्दीची किंमत तर फार मोठी. २९ सप्टेंबर २०१७ ला सकाळी पाऊस पडत होता. परळ आणि एल्फिन्स्टन रोड या दोन स्टेशनांना जोडणाऱ्या अरुंद पुलावर चेंगराचेंगरी झाली, २३ माणसं गेली. गिरण्यांच्या जागी उंच ऑफिसं उभी राहिली, येणारी माणसं कितीतरी पट वाढली, पण पूल तेवढाच राहिला होता. गाडी वाढवायची तर जिना, पूल, फलाट, मुतारी हेही वाढवावं लागतं. ते मागावं लागतं, आपोआप येत नाही.

मागितल्यावर येतं, हेही तितकंच खरं. बायकांचे डबे होतेच, पण नोकरीला जाणाऱ्या बायका वाढल्यावर ते अपुरे पडू लागले. ५ मे १९९२ ला चर्चगेट ते बोरिवली अशी अख्खी गाडी बायकांसाठी सुरू झाली, महिला विशेष. त्याच वर्षी मध्य रेल्वेवरही तशी गाडी आली. आणि गाडीत बसायचंच कशाला, चालवायची का नाही? सातारा जिल्ह्यातल्या शेतकरी घरच्या सुरेखाताई यादव भारतातल्या पहिल्या महिला रेल्वेचालक झाल्या. त्यांनी लोकल चालवली. ८ मार्च २०११ ला, महिला दिनी, पुण्याहून मुंबईला दख्खनची राणी आणली. २०२३ मध्ये सोलापूरहून वंदे भारत आणली. ज्या बोरघाटात वाफेची इंजिनं धापा टाकत चढायची, तोच घाट एका खेड्यातल्या मुलीनं विजेच्या इंजिनानं उतरवला.

जाता जाता सुरक्षेचं सांगते, कारण गटात लहान मुलंही ऐकत असतात. पूर्वी मुंबईच्या तारांत दीड हजार व्होल्टची वीज होती. टप्प्याटप्प्यानं बदलत एप्रिल २०१६ पर्यंत ती सगळीकडे पंचवीस हजार व्होल्टची झाली. आपल्या घरातली वीज असते सव्वादोनशेच्या आसपास. आता हिशोब करा. त्या तारेला हात लावायची गरज नाही, नुसतं फार जवळ गेलं तरी वीज हवेतून उडी मारून माणसाला जिवघेणा झटका देऊ शकते. म्हणून मुलांना टपावर चढू देऊ नका, पुलावरून काठी, ओला दोर, पतंगाचा मांजा खाली सोडू देऊ नका.

आता गटाचं काम. पुढच्या बैठकीत हप्ते गोळा करून झाले की दहा मिनिटं या दोन प्रश्नांना द्या. आपल्या भागात जे नवं येतंय, रस्ता असो, धरण असो, रेल्वेची नवी लाइन असो, त्याचा फायदा कोणाला आणि किंमत कोणाला? आणि त्यात पाटी घेऊन जाणाऱ्या बाईची सोय कुठं आहे?

मग जे ठरेल ते लेखी करा. पहाटे बाजाराला पोचवणारी गाडी किंवा एसटी हवी का? मालडब्यात चढायला फलाटावर दिवा हवा का? स्टेशनात बायकांची मुतारी उघडी हवी का? एकच मागणी निवडा. अर्जावर सगळ्या गटांच्या सह्या घ्या, तारीख टाका, स्टेशन मास्तरकडे किंवा आगारात द्या आणि दुसऱ्या प्रतीवर पोच घ्यायला विसरू नका. ग्रामसभेत ठराव करून त्याची प्रत जोडली तर अर्जाला वजन येतं. महिन्यानं उत्तर आलं नाही तर पोच दाखवून पुन्हा विचारा.

शंभर वर्षांपूर्वी तारा ओढल्या गेल्या तेव्हा मावळातल्या बाईला कोणी विचारलं नव्हतं. आज आपल्याकडे गट आहे, वही आहे, सही करता येते. विचारायची वाट न बघता आपणच जाऊन सांगू या.